उतरती रेघ

११ जानेवारी

ठकू,

तुझं पत्र मिळालं. तुझ्या आईला सांग, मी वेळेवर जेवतो. माझ्या बहिणीला ते खरं वाटणार नाही, पण सांगायचं काम तू कर.

मामा अजून पत्रंच का लिहितो, असं विचारलंस. अगं, ऑफिसातून पाठवलेलं प्रत्येक अक्षर कुणीतरी वाचतं, आणि स्टुडिओत शिरताना फोन दारावर काढून घेतात. शिवाय पेन्सिल धरली की माझा हात स्थिर राहतो. रिकामा असला की नुसता चुळबुळतो. परवा बैठकीत मी टेबलावर बोटाने गाडी काढत होतो म्हणे.

बातमी अशी, की छोटी गाडी नव्याने काढायला घेतली. कंपनीची सगळ्यात जास्त खपणारी, आणि माझी शेवटची. वर्षअखेर मी निवृत्त. हॉलच्या मधोमध पूर्ण मापाची मातीची गाडी उभी आहे. ही माती कुंभाराची नव्हे. भट्टीत तापवून मऊ करायची, थापायची, गार झाली की लाकडासारखी तासायची. गंधकाचा वास येतो तिला. तुझी मामी म्हणायची, आमचे हे आले की घंटी वाजायच्या आधी नाकाला कळतं.

तू आसनांच्या कापडात असतेस, तुला हे ठाऊक नसेल. खर्च वाचवायला एकाच मातीवर दोन गाड्या करतात. डावी बाजू एकाची, उजवी दुसऱ्याची. संचालक इकडून बघतात, वळसा घालून तिकडून बघतात, आणि एक बाजू निवडतात. डावी माझी आहे. उजवी कुणाची, देव जाणे. कंपनीचे बाहेरगावचे जे चार स्टुडिओ, त्यांतल्या एकाची. नावाच्या जागी आकडा असतो आणि निकालापर्यंत कुणी कुणाला काही सांगायचं नसतं. तुमच्या स्टुडिओची नसणार. तुमचा तो टकलू प्रमुख आणि त्याची दोन पोरं, त्यांच्याच्याने एवढं होणं नाही.

उजवीकडच्या चाकांवरची कमान फार जड आहे. लहान मुलाने बापाचे बूट घातल्यासारखी. आणि खिडक्यांखालची रेघ! आज रस्त्यावरच्या कुठल्याही गाडीची ती रेघ मागे चढत जाते. का, तर माझ्या पहिल्या गाडीची चढली होती. ह्या शहाण्याची मागे उतरते. उतरत्या रेघेची गाडी थकलेली दिसते, बसायच्या आधीच.

हे कुठे बोलू नकोस.

तुझा मामा

२० जानेवारी (टाकलं नाही)

मामा,

तो शहाणा मी आहे.

कापडं नकोशी झाली म्हणून नव्हे, पण टकलूने माझ्या वहीतल्या रेघोट्या पाहिल्या आणि म्हणाला, आसनं पुरेत, बाहेरून काढ. कागदावर सही घेतली की हे कुणाला सांगणार नाही, घरीसुद्धा. आईला काही बोलले नाही. तुला सांगायची तर सोयच नाही.

आणि तू सगळंच सांगून मोकळा झालास. आम्हाला तिकडे येऊ देत नाहीत. तुमच्याकडून फोटो आणि मापं येतात, आम्ही दुरुस्त मापं पाठवतो. फोटोत ती कमान जड दिसत नव्हती. तुझं पत्र वाचून पुन्हा पाहिलं आणि आता ते बूट जातच नाहीत डोळ्यांपुढून. दुरुस्त केली तर तुझ्याकडून शिकून तुलाच हरवायला निघाले. नाही केली तर जड आहे हे माहीत असून तशीच पाठवली. तू तोंड बंद ठेवलं असतंस तर किती बरं झालं असतं.

२० जानेवारी

मामा,

आई म्हणते, वेळेवर जेवणारा माणूस तसं सांगत नाही.

कापडं बरी चालली आहेत. माझं काम कंटाळवाणं, तुझी पत्रं वाचायला मजा येते. ती कमान जड म्हणजे नेमकी कुठे? वरून, की चाकाच्या बाजूने? आणि किती? उगाच विचारतेय, कापडवालीलाही चार गोष्टी कळलेल्या बऱ्या.

ठकू

१६ फेब्रुवारी

ठकू,

वरून. अंगठ्याच्या रुंदीएवढी खाली घेतली की पुरे. तू विचारलंस हे बरं वाटलं. इथे मला कुणी काही विचारत नाही, सगळे मान डोलावतात. डोलणाऱ्या माना बघून बघून मलाच बोट लागल्यासारखं होतं.

डावी बाजू काही केल्या जमत नाही. म्हणजे देखणी आहे, आणि तेच तिचं दुखणं. मातीखात्याचा मुकादम म्हणाला, साहेब, ह्या वेळी फार पटकन झाली. तो कौतुकाने म्हणाला, मी पुन्हा तासायला घेतली. काल पायी जाताना सिग्नलला थांबलो होतो. समोर चार कंपन्यांच्या चार गाड्या, आणि चौघींना माझीच चढती रेघ. सगळी आपलीच पोरं, पण एकही ओळख देईना. सिग्नल सुटला तरी मी तसाच उभा. मागच्या बाई म्हणाल्या, आजोबा, हात धरू का?

आज सुट्टी असून स्टुडिओत गेलो. माझ्या बाजूला पाच मिनिटंही बसवलं नाही. सारखा उठून उजवीकडे जातो. चीड येते आणि पाय तिकडेच वळतात. त्या बाजूचा मागचा कोपरा चुकलाय. बॉक्स संपावा तसा संपतो. साबणाची वडी थोडी वापरल्यावर कशी होते, तसा हवा. एवढं त्याला कळलं तर मला जड जाईल. पण हे त्याला कोण सांगणार?

तुझा मामा

२६ फेब्रुवारी

मामा,

तुला कुणी आजोबा म्हटलं ते मी आईला वाचून दाखवलं. तिला इतकं हसू आलं की चहा सांडला. म्हणाली, लहानपणी जेवायच्या ताटात बोटाने रेघा ओढायचा, तेव्हाच हात धरायला हवा होता.

तू तुझ्या बाजूचं काय ते बघ ना. उजवीकडे कशाला जातोस? खरंच सांगते, जाऊ नकोस. आणि गेलास तर मला लिहू नकोस. सगळंच कशाला सांगायला हवं? नियम आहे म्हणतोस ना.

साबणाच्या वडीचं मात्र छान लिहिलंस.

ठकू

६ एप्रिल

ठकू,

कामात आहे, थोडक्यात लिहितो.

उजवीकडची कमान उतरली. मागचा कोपराही वळला. आता त्या बाजूला एकच खोट राहिली आहे, ती खिडक्यांखालची रेघ. तिने ती सरळ केली तर माझ्या बाजूला कुणी ढुंकून बघणार नाही. अशीच उतरती ठेवली तर संचालक हसतील.

तू लिहू नकोस म्हणाली होतीस. तरी लिहिलं.

मामा

१४ एप्रिल (टाकलं नाही)

मामा,

पूर्ण मापाचं चित्र आम्ही भिंतीवर काळ्या चिकटपट्टीने काढतो, तुला काय सांगायचं, ती पद्धत आम्ही तुमच्याकडूनच शिकलो. आज मी पट्टी उपटून रेघ सरळ लावली. हॉलच्या पार टोकाला जाऊन पाहिली. गाडी चांगली दिसत होती. कुणीही काढली असती, इतकी चांगली. टकलू म्हणाला, शाब्बास, आत्ता गाडी झाली, मापं पाठवूया. मी हो म्हटलं. खाली चहाला निघाले, जिन्यापर्यंत गेले, परत आले आणि पट्टी ओरबाडून काढली. पुन्हा उतरती लावली. आधीपेक्षा जास्त.

टकलू म्हणतोय, आपटशील.

तुझ्या पत्रात 'तिने' लिहिलंयस. आधीच्या पत्रांत 'ह्या शहाण्याची' आणि 'त्याला' होतं. घाईत लिहिलंस, की तुला कळलंय? कळलं असेल तर हा सल्ला कसला दिलास?

१४ एप्रिल

मामा,

पत्र फार छोटं होतं. बरा आहेस ना?

त्या रेघेचं मला पटलं नाही. मी आपली कापडवाली, पण तूच म्हणतोस की सगळ्यांच्या रेघा चढतात आणि एकही ओळख देत नाही. मग एखादी उतरली तर काय आभाळ कोसळलं? हसतील तर हसू देत.

ठकू

२ जून

ठकू,

तुझी बाजू निवडली. कालच.

मोठे संचालक आणि त्यांच्या मागून सगळे आधी माझ्या डावीकडे आले. मान डोलली, दोघांनी मला हात मिळवला. मग वळसा घालून उजवीकडे गेले, ते परत आलेच नाहीत. मी डावीकडे एकटा. मधे मातीची गाडी, तिच्या टपावरून मला फक्त टाळकी दिसत होती. मग मोठ्या संचालकांचं टाळकं खाली गेलं. ते उकिडवे बसून तुझी रेघ बघत होते. कुणी हसलं नाही.

आकड्याचं पाकीट फोडलं तेव्हा दोघांतिघांनी माझ्याकडे पाहिलं. तू माझी भाची हे इथे तेवढ्यांनाच ठाऊक आहे, बाकीचे नाव कुणाचं ते विचारत होते. मला नवल वाटलं नाही. कमान अंगठाभर खाली आली तेव्हा म्हटलं, योगायोग. कोपरा साबणाच्या वडीसारखा वळला तेव्हा मातीसमोर खुर्ची ओढून बसलो. ते शब्द मी जगात एकाच माणसाला लिहिले होते.

रेघ सरळ कर, हे पत्र त्यानंतरचं आहे.

तू हरावीस म्हणून लिहिलं का, हे मी स्वतःला विचारून थकलो. कधी वाटतं, हो, म्हणूनच. शेवटची गाडी माझी हवी होती, आणि समोर तू होतीस. कधी वाटतं, छे, मला ती रेघ खरोखर चुकीची वाटत होती. फिरायला निघतो तेव्हा एक असतं, घरी येईपर्यंत दुसरं झालेलं असतं. तू ऐकलं नाहीस, एवढं एक बरं झालं.

आता पुढचं ऐक. आपल्या धंद्यात गाडी कुणीही काढो, जगाला ती मुख्य डिझायनरची म्हणूनच दाखवतात. म्हणजे ही माझी. वर्तमानपत्रात येईल: गुरूंची अखेरची गाडी. मी मोठ्या संचालकांना तुझं नाव घ्यायला सांगणार आहे.

मामा

११ जून

मामा,

तुझं पत्र मी आधी रागाने वाचलं, मग आईने वाचलं आणि ती माझ्याहून जास्त रागावली. म्हणाली, दोघंही एकाच माळेचे मणी, एकाने तोंड आवरलं नाही आणि दुसरीने उघडलं नाही.

रेघ मी सरळ केली होती. मापं जाणार होती. हे तुला कळू दे.

कमान आणि कोपरा तुझ्या सांगण्यावरून केला, हे मी नाकारत नाही. तेवढी लाज माझ्याकडेही आहे. म्हणूनच माझं नाव घेऊ नकोस. घेतलंस तर पहिला प्रश्न येईल, ही कोण? दुसरा, तुमची कोण? तिसरा प्रश्न आला की पत्रांची गोष्ट निघेल, आणि मग मी काहीच काढलेलं नाही, सगळं मामाने पढवलं. मामा, तू नाव घेतलंस तरी श्रेय तुझ्याचकडे जाईल. गप्प राहिलास तर निदान पुढची गाडी मला मिळेल. ह्या खेपेला तरी ऐक. मीही तुझं सगळं ऐकलं नाही, पण मी लहान आहे.

राग गेला की लिहीन.

ठकू

१९ नोव्हेंबर

ठकू,

इतके महिने तू लिहिलं नाहीस, मीही नाही. आता मात्र दुसऱ्या कुणाकडून कळायच्या आधी माझ्याकडून कळू दे.

रस्त्यावर गाडी यायला अजून बराच अवकाश आहे, पण नमुना दाखवायला काल वार्ताहर बोलावले होते. पडदा ओढला, टाळ्या झाल्या. मी ठरवून गेलो होतो की तुझं ऐकायचं. कंपनीने लिहून दिलेलं भाषण वाचलं. 'माझ्या साऱ्या प्रवासाचं सार' असं त्यात होतं, तेही गिळलं. मग एक चष्मेवाली वार्ताहर उठली. म्हणाली, तुमच्या चढत्या रेघेवर आम्ही शाळेत असल्यापासून वाचत आलो, ती सगळ्या जगाने उचलली, आणि आता तुम्हीच ती खाली आणलीत. का?

अशा प्रश्नांना मी आयुष्यभर उत्तरं दिली आहेत. वेग, वारा, झेप घेणारं जनावर, जे सुचेल ते. तोंड उघडलं आणि काही येईना. गाडीकडे वळून पाहिलं. खरंच, का आणली आहेस ती खाली? मी महिनोन्‌महिने तिच्यासमोर बसलो, पण हे मला कधी कळलंच नव्हतं. मी म्हणालो, "मला माहीत नाही. जिने काढली, तिला विचारून सांगतो."

मोठं मन वगैरे काही नव्हतं त्यात. परीक्षेत कॉपी करणाऱ्याला तोंडी प्रश्न विचारला तर जे होतं, ते झालं.

मग मोठ्या संचालकांच्या खोलीत. मी सगळं सांगितलं, पत्रांसकट. नियम मोडला मी. तू सही केली होतीस आणि तोंडातून अक्षर काढलं नाहीस, हे टकलूनेही फोनवर ठणकावून सांगितलं. त्याला मी काहीबाही लिहिलं होतं, ते मागे घेतो. ठरलं ते असं: चित्रावर तुझं नाव राहील. मी वर्षअखेरीची वाट न बघता सोमवारपासून घरी. निरोपसमारंभ रद्द. तो मला तसाही नको होता, हे मी सगळ्यांना सांगत फिरतोय, त्यावरून तू काय ते समज.

कुजबूज होईल. भाची आहे, पढवली असणार, असं म्हणतील. ती तुला सोसावी लागेल. ती मी आणली आहे तुझ्या दाराशी, आणि परत नेता येत नाही.

माहितीपत्रक छापणारे माझ्या मागे लागलेत, त्या रेघेचं कारण हवंय. ते तुला विचारतील. मीही विचारतोय.

मामा

२८ नोव्हेंबर

मामा,

कुजबूज सुरू झाली. मी चहाला गेले की बाकावरचं बोलणं थांबतं. कुणीतरी माझ्या खुर्चीला चिठ्ठी चिकटवली: भाचीबाई. टकलूने ती काढून फाडली, मग स्वतःच म्हणाला, पण टोपणनाव वाईट नाही. मला हसू आलं आणि मग जिन्यात जाऊन रडले. तुझ्यावर चिडायला बसते आणि मधेच तू त्या व्यासपीठावर तोंड उघडून उभा दिसतोस. मग चिडणं जमत नाही. पूर्ण माफ केलंय असं समजू नकोस. 'सरळ कर' मी विसरलेले नाही.

माहितीपत्रकवाल्यांना लिहून दिलं: मागच्या आसनावर बसणाऱ्या लहान मुलांना बाहेरचं दिसावं, म्हणून खिडकी मागे खाली येते. त्यांना फार आवडलं. एका बाईंच्या डोळ्यांत पाणी आलं. मापाने बघशील तर ते खरंही आहे, दिसतं मुलांना.

पण ते मला नंतर सुचलं. तुला खरं सांगते. पहिल्या दिवशी कागद पुढे घेतला, हात आपोआप मागे चढत गेला. सगळ्यांचा जातो तसा. पाहिलं तर तुझी गाडी. दुसरा कागद घेतला, पुन्हा तुझी. असे किती कागद टाकले. शेवटी इतकी चिडले की पेन्सिल कागदावर टेकवली आणि मुद्दाम खाली ओढली. तुझी चढते म्हणून माझी उतरली. एवढंच कारण आहे. ह्याला काय म्हणायचं आणि हे छापायचं कुठे?

आता तू सांग. वेग आणि वारा आणि जनावर मला सांगू नकोस, ते मी वाचलंय. तुझी का चढली होती?

ठकू

५ डिसेंबर

ठकू,

घरी आहे. स्वयंपाकघरातले डबे उंचीप्रमाणे लावून झाले, मग रुंदीप्रमाणे लावले. उद्या तुझ्या आईकडे येतोय, ती डब्यांना हात लावू देणार नाही, पण माणसं तरी आहेत.

तुझ्या प्रश्नाला मी दोन कागद भरून उत्तर लिहिलं होतं. त्यात वाराही होता. फाडलं.

नोकरीला लागून वर्षही झालं नव्हतं. मी भिंतीवर माझ्या पहिल्या गाडीची चिकटपट्टी लावत होतो. तेव्हाचे साहेब मागे येऊन उभे राहिले, बराच वेळ बघत होते. मग खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "चांगली आहे. फक्त रेघ सरळ ठेव."

मामा